चौथ्या श्रेणीचं वादळ

"तुम्ही आमच्या स्वयंपाकघरात बसल्या आहात."

पाठीमागून कुणीतरी मराठीत बोललं आणि माझ्या हातातली मोजपट्टी सटकन डबीत परत गेली. कॅन्ससमधल्या ऑल्डर्टन नावाच्या लहानशा गावात, वादळ होऊन गेल्यावर दोन दिवसांनी, मी एका घराच्या पायावर गुडघे टेकून बसले होते. घर नव्हतंच. छप्पर, भिंती, दारं-खिडक्या सगळं गेलं होतं. उरली होती नुसती काँक्रीटची फरशी, कुणी झाडून-पुसून ठेवावी तशी स्वच्छ.

मी वळून पाहिलं. फरशीच्या कडेला साठी ओलांडलेले एक गृहस्थ उभे होते. अंगात कुणाचं तरी ढगळ जाकीट, दाढी वाढलेली. पायातले बूट त्यांनी काढून खाली मातीत नीट जोडीने ठेवले होते आणि मोज्यांनीच ते वर चढले होते.

"नाक्यावरचा पोलीस म्हणाला, दिघे नावाची इंडियन इंजिनीअर आलीय. म्हटलं, दिघे म्हणजे आपल्याकडच्याच असणार. मी श्रीनिवास घाणेकर. इथल्या कॉलेजात मृदाशास्त्र शिकवतो." जरासं थांबून ते म्हणाले, "हे माझं घर."

मृतांमध्ये कुमुद घाणेकर हे नाव मी सकाळीच वाचलं होतं. कुणी भारतीय बाई असावी एवढंच मनात येऊन गेलं होतं आणि मी कामाला लागले होते.

"मी चारुशीला. कराडची," मी म्हटलं. "काका, मला फार वाईट..."

"असू दे. बसा तुम्ही, काम करा. मी तुमच्या मध्ये येणार नाही."

आणि ते खरंच बाजूला जाऊन बसले. जिथे बसले तिथे पूर्वी ओटा होता, हे मला नंतर कळलं.

मी तेव्हा टेक्ससमध्ये होते. वाऱ्याने घरं कशी मोडतात हा माझ्या संशोधनाचा विषय. त्यामुळे कुठे मोठा टोर्नॅडो झाला की हवामान खात्याची माणसं कधीकधी मला बोलावून घेत. टोर्नॅडोचं बळ ठरवायची रीत मुळातच उफराटी आहे. वाऱ्याच्या वाटेत यंत्र ठेवलं तर यंत्रच उडून जातं. म्हणून वादळ निघून गेल्यावर मागून जायचं, त्याने काय काय मोडलं ते बघायचं आणि त्यावरून वारा किती असेल याचा अंदाज बांधायचा. पत्रे उडाले, फांद्या मोडल्या तर शून्य किंवा एक. छप्पर गेलं तर दोन, भिंती पडल्या तर तीन, जवळजवळ सगळं घर कोसळलं तर चार. अशा चढत्या श्रेणी. सगळ्यात वर पाच. पाच क्वचितच लागते. उत्तम बांधलेलं, पायाला पक्कं जखडलेलं घर मुळापासून साफ नाहीसं झालं, तरच पाच.

या वाक्यात "उत्तम बांधलेलं" हे शब्द महत्त्वाचे. सगळी भानगड तिथेच होती.

ऑल्डर्टनचं वादळ पाचचंच होतं, असं मला तिथे पोहोचायच्या आधीपासून वाटत होतं. एका विद्यापीठाची फिरत्या रडारची गाडी त्या दिवशी जवळच होती. गावाच्या बाहेर, गव्हाच्या शेतांवरून वादळ जात असताना त्यांनी वाऱ्याचा वेग टिपला होता. तो आकडा पाचच्या मर्यादेच्याही बराच वर होता. पण गव्हाच्या शेतात मोडायला काय असतं? गहू आडवा झाला, वरची माती खरवडून निघाली, एवढंच. गहू आडवा करायला पाचचं वादळ लागत नाही, त्यामुळे तिथला पुरावा शून्य. मग वादळ गावाच्या कडेला नाल्याकाठच्या नव्या वसाहतीत शिरलं आणि नाल्याच्या अलीकडची घरांची रांग पुसून गेलं. त्या रांगेतलं सगळ्यात चांगलं घर घाणेकरांचं. वादळाची श्रेणी ठरणार होती ती त्याच घरावरून.

लाकडी घरं काँक्रीटच्या पायाला बोल्टने धरलेली असतात. काँक्रीट ओलं असतानाच बोल्ट त्यात उभे रोवतात, भिंतीखालची लाकडी तळपट्टी त्यांच्यावर बसवतात आणि वरून वायसर टाकून नट आवळतात. मी सकाळपासून ते बोल्ट बघत होते. बोल्ट सगळे जागच्या जागी होते, अगदी हव्या त्या अंतरावर. पण बहुतेक सगळे सरळ उभे होते, आणि त्यांच्या आट्यांमध्ये ओतकामाच्या वेळचं सिमेंट सुकून बसलेलं होतं. त्या आट्यांवरून एकदा जरी नट फिरला असता तर ते सिमेंट राहिलं नसतं.

नट लावलेच नव्हते.

फक्त पुढच्या दाराशी, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसतील असे थोडे होते. तेवढे बोल्ट वाऱ्याने वाकवले होते. बाकीचं घर बोल्टांवर नुसतं टेकवून ठेवलं होतं, खुंटीला टोपी अडकवावी तसं.

"घर मी डोळ्यांत तेल घालून बांधून घेतलं," घाणेकर म्हणाले. मी मान वर केली नाही. "बोल्ट किती हवेत, कुठे हवेत, सगळं वाचून त्या टकरला सांगितलं होतं. रॉय टकर, इथला बिल्डर. भला माणूस आहे. मी कॉलेजात असायचो, येऊन-जाऊन बघायचो. कुमुदला वादळात लपायला तळघर हवं होतं. मी नको म्हटलं. नाल्याकाठची जमीन, पाणी वरच लागतं, तळघरात झिरपलं असतं. मातीचा माणूस ना मी."

त्यांनी तळवा फरशीवर ठेवला.

"त्या दिवशी फोनवर होती माझ्याशी. मी म्हटलं, आतल्या न्हाणीघरात जा, टबात बस, गादी ओढून घे अंगावर. म्हणाली, केव्हाच बसलेय, तुम्ही कुठे आहात ते सांगा, गाडी चालवत नाही ना? सांगितलं तसं सगळं केलं हो तिने."

मी मोजपट्टी पुन्हा उघडली.

*

बर्ट लिंडक्विस्ट हा हवामान खात्याचा माणूस. निवृत्तीला आलेला, उंच, सावकाश बोलणारा. शेवटचा शब्द त्याचा होता. दुपारी त्याच्या पिकअपच्या मागच्या फळीवर बसून आम्ही सँडविच खात होतो, म्हणजे तो खात होता.

"चार," तो म्हणाला.

"पाच," मी म्हटलं.

"चारू, त्या बोल्टांवर नट नाहीत. हे मला तूच दाखवलंस."

"नट नाहीत हे मान्य. पण बाकीचं बघ ना! झाडांच्या साली सोलल्या गेल्यात. गवत मुळासकट गेलंय. मोटार चेंडूसारखी चुरगळलीय. आणि रडार? तो आकडा काय आम्ही स्वप्नात पाहिला?"

"रडारने शेतावरचा वारा मोजला. तोही जमिनीपासून बराच वर. घराशी किती होता?"

"त्याहून कमी असायचं काही कारण नाही."

"जास्त असायचंही नाही. तुला माहीत आहे का, घराशी किती होता?"

मला माहीत नव्हतं. कुणालाच नव्हतं. मी म्हटलं, "दाराजवळचे बोल्ट वाकलेत. तिथे तर नट होते."

"अख्ख्या भिंतीचा ओढा दोन-चार बोल्टांवर आला तर ते कसल्याही वाऱ्यात वाकतील. हेही मला तूच शिकवलंयस, मागे कधीतरी." तो शांतपणे चघळत राहिला. "नट नसलेलं घर चारच्या वाऱ्यातही जातं. कदाचित तीनच्याही. त्यावरून मी पाच लिहू शकत नाही. घर जेवढं सांगतं तेवढंच लिहायचं."

"घर खोटं सांगतंय, बर्ट!"

"असेल. पण दुसरा साक्षीदार नाही."

मी ताडकन खाली उतरले. माझी चिडचिड नुसती शास्त्राची नव्हती, हे मला आज कळतं. एवढं प्रचंड काहीतरी घडलं होतं, आकडा आमच्या हातात होता, आणि एका आळशी सुताराने पाना फिरवला नाही म्हणून ते कागदावर लहान होणार. त्यातच मला सारखे ते मोज्यांतले पाय दिसत होते. पाच म्हणजे कुठलंही घर टिकत नाही. पाच म्हणजे कुणी काहीही केलं असतं तरी बाई वाचली नसती. या माणसाला देण्यासारखं जगात माझ्याकडे एवढंच होतं आणि तो सँडविच चघळणारा म्हातारा ते देऊ देत नव्हता.

संध्याकाळी मी बर्टच्या वरिष्ठांना फोन केला. टेक्ससमधल्या माझ्या प्राध्यापकांना केला. रडारवाल्या मुलांना केला. सगळे म्हणाले, तुझं म्हणणं बरोबर आहे. सगळे म्हणाले, पण नियम तसा नाही. आदळआपट करून मी मोटेलच्या खोलीत बसले आणि उशीवर बुक्के मारले, लहानपणी मारायची तसे.

*

दुसऱ्या दिवशी सकाळी घाणेकर पुन्हा आले. सोबत शेजारची डोना विल्कॉक्स होती. पन्नाशीची, ठेंगणी, डोळे रडून सुजलेले. तिचा नवरा हँक त्याच रांगेत, तिसऱ्या घरात वादळात सापडून गेला. ती त्या वेळी बहिणीकडे होती. कुमुदकाकूंची आणि तिची मैत्री होती. काकूंनी तिला चहा उकळायला शिकवला होता, ती काकूंना मोटार शिकवत होती. हे सगळं तिने मला उभ्या उभ्याच सांगितलं, कुणालातरी सांगितल्याशिवाय तिला राहवत नव्हतं.

"पाच होतं ना गं?" ती म्हणाली. "टीव्हीवर म्हणतायत पाच होतं. हँकने मोठमोठी वादळं पाहिली होती. तो साध्यासुध्या वादळाने जायचा नाही."

"मी प्रयत्न करतेय," मी म्हटलं. "वर बोललेय. पाचच होतं ते."

घाणेकर एक फळी घेऊन उभे होते. भिंतीखालच्या तळपट्टीचा तुकडा, माणसाच्या उंचीएवढा. नाल्यापलीकडच्या झाडांत अडकला होता म्हणे. त्यांनी तो फरशीवर ठेवला आणि मला मराठीत विचारलं, "चारुशीला, पाच म्हणजे नक्की काय होतं?"

"म्हणजे..." मी शब्द जुळवले. "म्हणजे त्यापुढे माणसाचा इलाज चालत नाही, काका. घर कसंही बांधा. कुणाचा दोष नसतो."

"आणि चार?"

"चारमध्ये... घर चांगलं असेल तर आतली एखादी खोली राहते कधीकधी."

"हं."

ते फळीशेजारी बसले. फळीला बोल्टची भोकं होती, ठरावीक अंतरावर. त्यांनी एका भोकाभोवती अंगठा फिरवला, मग दुसऱ्या. नट-वायसर आवळलेलं असतं तर लाकडात गोल खूण उमटली असती, आणि घर उचललं गेलं तेव्हा भोक फाटलं असतं. भोकं गोल गरगरीत होती. लाकूड कोरं होतं. मग ते उठून फरशीच्या कडेने चालत गेले, एकेका बोल्टपाशी वाकत. आट्यांतलं सिमेंट त्यांनी नखाने खरवडून पाहिलं.

मला धावत जाऊन त्यांना थांबवावंसं वाटलं. पण थांबवून काय सांगणार होते?

परत आले तेव्हा त्यांचा चेहरा राखेसारखा झाला होता. आवाज मात्र वर्गात बोलावं तसा सरळ.

"नाल्यापलीकडे तीच वसाहत पुढे चाललीय ना? टकरचीच?"

मी तिकडे पाहिलं. पलीकडे नवी घरं उभी होती. काही पुरी झालेली, काहींचे नुसते सांगाडे. वादळ त्यांच्या अंगणाला चाटून गेलं होतं. काही घरांमध्ये माणसं राहायलाही आली होती, एका दारात मुलांच्या सायकली होत्या.

"हो," मी म्हटलं.

"बरं," ते म्हणाले, आणि फळी उचलून खांद्यावर घेऊन गेले.

*

त्या दुपारी शाळेच्या व्यायामशाळेत गावाची सभा होती. टीव्हीवाले आले होते. लोक घरच्या कपड्यांत, कुणाच्या हाताला बँडेज, मागच्या भिंतीशी पाण्याच्या बाटल्यांचे आणि ब्लँकेटांचे ढीग. मी पहिल्या रांगेत बर्टच्या शेजारी घुश्शात बसले होते. सकाळपासून आम्ही कामापुरतंच बोललो होतो.

बर्ट उठला आणि नेहमीच्या सावकाश आवाजात म्हणाला की पाहणी झाली आहे, वादळाला श्रेणी चार देण्यात येत आहे. बांधकामातल्या काही उणिवांमुळे याहून वरची श्रेणी देता येत नाही. उणिवांचं वाक्य कुणी ऐकलंच नाही. "चार" हा शब्द कानावर पडताच सगळीकडे कुजबुज सुरू झाली. कुणीतरी ओरडलं, "माझ्या गल्लीत येऊन बघा!"

मग रॉय टकर उठला. घाणेकर म्हणाले होते तसा तो भला माणूस दिसत होता. रुंद, उन्हाने रापलेला, दोन्ही तळहातांना पट्ट्या. वादळानंतर आपली खोदाईची यंत्रं घेऊन त्याने ढिगाऱ्यांखालून माणसं काढली होती. गावाने ते पाहिलं होतं. तो उठताच सगळे गप्प झाले.

"साहेब, तुमच्याबद्दल मला आदर आहे," तो बर्टला म्हणाला. "पण त्या दिवशी तुम्ही इथे नव्हता. आम्ही होतो. मी या गावात आयुष्यभर घरं बांधली. शपथेवर सांगतो, त्या वाऱ्यापुढे माणसाच्या हातचं काहीही टिकलं नसतं. काहीही नाही. आपली जी माणसं गेली ती वाचूच शकत नव्हती. चार म्हणणं हा त्यांचा अपमान आहे."

टाळ्यांचा कडकडाट झाला. माणसं उभी राहिली. डोना रडत रडत टाळ्या वाजवत होती. आणि खरं सांगायचं तर माझीही मान हलत होती. माझंच म्हणणं तो माझ्याहून चांगलं बोलत होता.

टाळ्या ओसरत असताना मागून फळी घासत आणल्याचा आवाज आला.

घाणेकर मधल्या वाटेने पुढे येत होते. लोक बाजूला झाले. ज्यांच्या घरातलं माणूस गेलं होतं त्यांना गाव ओळखत होतं. त्यांनी फळी टकरच्या पुढ्यात उभी धरली.

"रॉय, माझ्या घराच्या बोल्टांना नट का नव्हते?"

टकरला एकदम कळलंच नाही. किंवा कळलं असेल. तो म्हणाला, "श्री, हे बघ, आता ही वेळ..."

"दाराशी आहेत. जिथे मी येऊन बघायचो तिथे. बाकी एकालाही नाही. या लाकडावर साधा डागसुद्धा नाही." ते लोकांकडे वळले. त्यांच्या इंग्रजीला अजून आपल्याकडचा बाज होता, आणि त्या दिवशी तो जास्तच जाणवत होता. "हे हवामानवाले म्हणतात ते बरोबर आहे. चार. मला चारच हवं. तुम्ही पाच म्हणालात की उद्या सगळे म्हणतील, देवाची मर्जी, कोण काय करणार. आणि पलीकडच्या घरांत जाऊन झोपतील. ती घरं उघडून बघा. पहिल्यांदा ती घरं उघडा."

टकर आपल्या पट्ट्या बांधलेल्या हातांकडे बघत होता. "मी दहा ठिकाणी काम करत होतो," तो पुटपुटला. "माणसं ठेवलेली होती. मी प्रत्येक नट काही स्वतः..." आणि वाक्य तसंच राहिलं.

टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत. एकच आवाज आला, डोनाचा. ती उठून घाणेकरांसमोर आली आणि हळूच, जवळजवळ विनवल्यासारखं म्हणाली, "मला पाच हवं होतं, श्री. माझ्याकडे तेवढंच होतं. तू ते कशाला काढून घेतलंस?"

उत्तराची वाट न बघता ती निघून गेली. नंतर ती त्यांच्याशी बराच काळ बोलली नाही, असं मी ऐकलं.

*

पुढे काय झालं ते सांगून टाकते. पलीकडची घरं उघडली. काहींमध्ये नट होते, काहींमध्ये नव्हते. राहायला आलेल्या माणसांना बाहेर काढून प्रत्येक घराची भिंत तळाशी उघडली आणि गावच्या खर्चाने सगळे नट आवळून घेतले. त्या कामावर टकर स्वतः पाना घेऊन जात असे. मग त्याने धंदा बंद केला आणि तो गाव सोडून गेला. खटला वगैरे झाला नाही, घाणेकरांनी तो केला नाही. रडारच्या मुलांनी त्यांचा आकडा शोधनिबंधात छापला, त्यावर परिषदांमधून भांडणं झाली. मीही भांडले. अजून भांडते. दप्तरी ऑल्डर्टनचं वादळ चारचं आहे आणि ते वाचलं की अजून माझ्या कपाळाची शीर उडते.

पण मला खरी आठवते ती सभेनंतरची वेळ.

लोक पांगले होते. बर्ट टीव्हीवाल्यांना तोंड देत होता. घाणेकर व्यायामशाळेच्या बाहेर, मोटारी उभ्या करायच्या मैदानात, एका उलट्या बादलीवर बसले होते. फळी शेजारी पडली होती. मी जाऊन त्यांच्याजवळ जमिनीवरच बसले.

"काका, तुम्ही बरोबर केलंत."

"ते जाऊ दे." पहिल्यांदाच त्यांनी मला अगं-तुगं केलं. "आता इथे कुणी नाही. तू त्यातली आहेस. मला खरं सांग. पाच होतं ना?"

मी व्यायामशाळेच्या दाराकडे पाहिलं.

"चार मी लोकांसाठी म्हटलं," ते म्हणाले. "मला स्वतःपुरतं कळू दे. तळघर मी नको म्हटलं ते माझं माझ्याकडे. ते मी बघून घेईन. पण नट असते तर ती न्हाणीघराची खोली राहिली असती का? का नट असूनही गेलीच असती? एवढंच सांग. तू तर दोन दिवस पाच-पाच म्हणून भांडतेयस."

दोन दिवस मी बर्टशी, वरिष्ठांशी, प्राध्यापकांशी छातीठोकपणे भांडले होते. सकाळी डोनाला तोंडावर सांगितलं होतं, पाचच होतं ते. आता हा माणूस फक्त तेवढंच पुन्हा ऐकायला मागत होता. बर्टने पिकअपवर बसून विचारलेला प्रश्न मला आठवला. घराशी किती होता?

"काका," मी म्हटलं, "मला माहीत नाही."

त्यांनी शेजारची फळी जरा जवळ ओढली.

"शेतात पाचचा होता. तुमच्या घराशी किती होता ते सांगू शकेल असं तिथे एकच काही होतं. तुमचं घर. ते नीट आवळलेलं असतं आणि तरी गेलं असतं, तर आज मी तुम्हाला खात्रीने सांगितलं असतं की काकूंना कुणीच वाचवू शकलं नसतं. ते टिकलं असतं, तर..." तो भाग मी बोलले नाही. "आता कुणालाच कधी कळणार नाही. मलाही नाही."

वारा अगदी पडला होता. व्यायामशाळेच्या दारातून कुणीतरी ब्लँकेटांची खोकी बाहेर आणून ट्रकमध्ये चढवत होतं.

"म्हणजे नट न लावणाऱ्यांनी तेही नेलं," घाणेकर म्हणाले.

ते रडतील असं मला वाटलं, पण रडले नाहीत. मीच रडायला लागले, रागाने, नाक वाहेपर्यंत. टकरचा राग, बर्टचा राग, त्या मूर्ख श्रेणीचा राग, आणि इतकं शिकून एका प्रश्नाचं उत्तर देता येत नाही म्हणून माझा स्वतःचा. घाणेकर बादलीवरून उठले, गुडघ्याला हात देऊन, आणि माझ्यासमोर हात धरला.

"ऊठ. जमीन ओली आहे," ते म्हणाले. "सकाळपासून काही खाल्लेलं दिसत नाहीस. आत चर्चच्या बायकांनी सूप केलंय, अगदीच अळणी आहे. चल, दोघं मिळून मीठ शोधू."